जावयाला टोकायचं नसतं

काल सकाळी मैदानावर रेघा मारणारा माणूस दिसला आणि मी दचकलो. दचकण्यासारखं त्यात काही नव्हतं. पांढऱ्या रंगाची टाकी बसवलेलं चाकाचं यंत्र ढकलत तो नाकासमोर चालला होता आणि त्याच्यामागं ओल्या गवतावर सरळ रेघ उमटत होती. दर शुक्रवारी तो येतो, कारण शनिवारी लहान मुलांच्या फुटबॉलच्या मॅचेस असतात. अमेरिकेतल्या आमच्या या कॅरी गावात ऑक्टोबर आला की असंच असतं. सकाळच्या हवेत पहिला गारवा, रस्त्याच्या कडेला पाइनच्या वाळक्या सुयांचा तपकिरी थर, डिकीत घडीच्या खुर्च्या टाकून निघालेले आईबाप आणि डब्यात चार-चार फोडी करून आणलेली संत्री. इथल्या लोकांचा हा वर्षातला सगळ्यात लाडका मोसम. दोन वर्षांपूर्वीपर्यंत माझाही होता.

गाडी मी चालवत होतो. शेजारी क्रेग बसला होता, माझा जावई. पूर्वी गाडी तो चालवायचा आणि शेजारी मी बसायचो. आता त्यानं चालवायची नाही असं ठरलंय.

क्रेग मूळचा इंग्लंडचा, उत्तरेकडच्या एका बंदराच्या गावातला. तिथं तो फुटबॉल खेळायचा, आणि हौसेनं नव्हे, पोटासाठी. आता इंग्लंड आणि फुटबॉल हे दोन शब्द जोडून उच्चारले की आपल्या लोकांचे डोळे चमकतात. मंडळाच्या गणपतीत पहिल्याच वर्षी मला चौघांनी गाठून विचारलं, कुठल्या क्लबला होता, टीव्हीवर दिसायचा का. मी गुळमुळीत हसलो आणि प्रसादाच्या रांगेकडं सरकलो. टीव्हीवर दिसतात ते क्लब वरच्या मजल्यावरचे. तिथून एकेक जिना उतरत खाली गेलं की अशी मैदानं लागतात, जिथं तीनच बाजूंना पत्र्याचे स्टँड असतात आणि चौथ्या बाजूला कुणाच्या तरी परसातले वाळत घातलेले कपडे दिसतात. क्रेगनं अशा मैदानांवर चौदा वर्षं काढली.

केतकी आमची एकुलती एक. जन्म इथलाच, फिजिओथेरपिस्ट आहे. क्रेग बत्तिसाव्या वर्षी इंग्लंड सोडून इथल्या दुसऱ्या पायरीच्या लीगमध्ये खेळायला आला आणि घोटा दुखावून तिच्या क्लिनिकमध्ये पोचला. तिनं घोटा बरा केला आणि वर्षभरानं आम्हाला सांगितलं की आम्ही लग्न करतोय. शैलानं, म्हणजे माझ्या बायकोनं, तो काय काय खातो ते विचारलं. मी विचारलं, फुटबॉल संपल्यावर काय करणार? मुलांना शिकवेल, रिलॅक्स, बाबा, असं उत्तर मिळालं. त्या दुपारी मी इंटरनेटवर त्याचं नाव शोधलं. एक कोरडं पान सापडलं. क्लबांची नावं, वर्षं, मॅचेस. गोलांच्या रकान्यात इतके कमी आकडे होते की मी ते पान पुन्हा उघडून पाहिलं, अर्धवट आलंय की काय म्हणून.

तो मिडफिल्डर होता, म्हणजे मधला. मला हे त्यानंच समजावून सांगितलं, आमच्या घरामागच्या लाकडी डेकवर बसून, चहाचे कप आणि बिस्किटं मांडून. गोल करणाऱ्याचं नाव होतं, अडवणाऱ्याचंही होतं. मधल्यानं चेंडू मिळवायचा, पुढच्याला द्यायचा आणि पुन्हा मिळवायला पळायचं. मी म्हणालो, आमच्या घरात हे काम शैला करते. त्यावर तो इतका हसला की त्याच्या चहात बिस्किट पडलं. मला तो त्या दिवशी आवडला, आणि मग आवडतच गेला.

त्याच्या गोष्टी ऐकताना आमच्या कितीतरी दुपारी गेल्या. सोळाव्या वर्षी क्लबात दाखल झाल्यावर मोठ्या खेळाडूंचे बूट घासायचे. एकोणिसाव्या वर्षी मॅनेजरनं खोलीत बोलावलं, दोन मिनिटांत सांगितलं की तुला ठेवत नाही, आणि हा प्लॅस्टिकच्या पिशवीत बूट घालून बसनं घरी आला. मग तीन वर्षं दिवसा गालिच्यांच्या गोदामात हमाली आणि संध्याकाळी सराव. पुन्हा क्लब मिळाला तो एका वर्षाच्या करारावर, आणि पुढं प्रत्येक करार एकेका वर्षाचाच. मे महिन्यात क्लबची यादी लागायची, कोण राहणार आणि कोण जाणार. दहावीच्या निकालाला आम्ही शाळेच्या फळ्यासमोर उभे राहायचो, तसा हा तिशीतला गडी दर मे महिन्यात उभा राहायचा. एका हिवाळ्यात मैदानात इतका चिखल होता की त्याचा बूट रुतून बसला, तो एका पायात मोजा घालून पळत राहिला आणि त्याच मोजक्या मिनिटांत त्यानं त्या वर्षीचा एकुलता एक गोल केला. ही गोष्ट त्याची फार आवडती.

खालच्या लीगमध्ये, तो सांगायचा, चेंडू गवतापेक्षा हवेत जास्त असतो. गोलकीपर जीव खाऊन लाथ मारतो, चेंडू अर्धं मैदान ओलांडून खाली येतो, आणि त्याच्याखाली डोकं घेऊन उभं राहणं हे मधल्याचं काम. त्याचा वेगळा सरावही असायचा. भिजून जड झालेला चेंडू कपाळावर कसा लागतो ते त्यानं एकदा आमच्या जेवणाच्या टेबलावर मूठ आपटून दाखवलं. चमचे उडाले, ताकाचा पेला कलंडला. आम्ही सगळे हसलो. मी तर त्याला पुन्हा एकदा करून दाखवायला लावलं.

आता आमच्या खोडीबद्दल. जावयाला टोकायचं नसतं, हे आमच्या हाडीमाशी खिळलेलं. मी लग्नानंतर सांगलीला सासरी जायचो तेव्हा जेवणानंतर एक नाट्यपद म्हणायचो. सासरे डोळे मिटून मान डोलवायचे. ते झोप आवरत होते हे शैलानं मला पंचवीस वर्षांनी सांगितलं. जावई म्हणजे दहावा ग्रह, त्याच्या कलानं घ्यायचं. आणि आमचा ग्रह तर परका, गोरा, मांडी घालून पाटावर बसणारा, बोटांनी वरणभात कालवणारा. त्याला आमच्या घरी सगळं माफ होतं. तो शैलाला आई आणि मला बाबा म्हणायचा. इतरांना त्याच्या वागण्यात जिथं चूक दिसली असती, तिथं आम्हाला माया दिसायची.

दोन वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्यात अधिक महिना आला. शैलानं तेहतीस अनारसे केले. तांदूळ तीन दिवस भिजवून, पाणी बदलत, मग पीठ खसखशीवर थापून. एकही फसला नाही म्हणून ती स्वतःवरच खूश होती. क्रेगला पाटावर बसवून तिनं औक्षण केलं, तबक हातात दिलं. त्यानं विचारलं, तेहतीसच का? शैलानं अधिक महिन्याचं सगळं समजावलं, ती इंग्रजीत आणि मी मध्येमध्ये दुरुस्त करत. तो लक्ष देऊन ऐकत होता. पंधरा-वीस मिनिटांनी चहा घेताना त्यानं तबकाकडं पाहिलं आणि तेवढ्याच नवलानं विचारलं, हे तेहतीसच का? शैलानं पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. रात्री ती मला म्हणाली, किती रस आहे बघा त्याला आपल्या गोष्टींत. मीही हो म्हणालो.

मग ऑक्टोबर आला. माझ्या गुडघ्याचं ऑपरेशन होऊन दोन महिने झाले होते, घरात बसून मी वैतागलो होतो. क्रेग तेव्हा अकरा वर्षांच्या मुलींची टीम शिकवायचा. शनिवारी सकाळी तो मला मैदानावर घेऊन जायचा आणि रेघेबाहेर माझी खुर्ची मांडायचा. ते शनिवार मला अजून जसेच्या तसे दिसतात. तिरपं ऊन, बारक्या पोरींच्या गुडघ्यांवर हिरवे डाग, शिट्टीचा आवाज, कुणाच्या तरी थर्मासमधल्या कॉफीचा वास. क्रेग ओरडायचा फार कमी. चेंडू चुकलेल्या मुलीजवळ जाऊन तो गुडघ्यावर बसायचा आणि हळू आवाजात काहीतरी सांगायचा, की ती पुन्हा पळायला लागायची.

जाताना गाडीत तो विचारायचा, बाबा, गुडघा कसा आहे? पोचल्यावर खुर्ची मांडताना विचारायचा. परत निघताना विचारायचा. प्रत्येक वेळी त्याच काळजीच्या स्वरात. आमच्या पोटच्या मुलीनं आठवड्यातून एकदा विचारलं, हा एका सकाळी तीनदा विचारतो, असं मी फोनवर नागपूरच्या भावाला सांगितलं. भाऊ म्हणाला, नशीब काढलंस. मोज्यात पळाल्याची गोष्ट त्यानं त्या महिन्यात मला चारदा सांगितली असेल. मी चारही वेळा पहिल्यांदा ऐकल्यासारखा हसलो. सासऱ्यांचा वारसा मी चालवत होतो.

एका शनिवारी परतताना त्यानं नेहमीचा रस्ता सोडून एका चर्चच्या मोकळ्या पार्किंगमध्ये गाडी घातली आणि इंजिन बंद केलं. समोर मेपलची झाडं होती, लालभडक. तो दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून समोर बघत राहिला. मला वाटलं, झाडं दाखवायला थांबलाय. मी म्हणालो, काय रंग आलेत. तो म्हणाला, हो, सुंदर. आम्ही दहा मिनिटं तिथं बसलो असू. मग त्यानं विचारलं, बाबा, घराकडं आज तुम्ही रस्ता दाखवता का? मी आनंदानं डावीकडं, उजवीकडं सांगत आलो. म्हाताऱ्या माणसाला काहीतरी काम दिल्यासारखं वाटावं म्हणून पोरगं असं करतंय, अशी मी मनाशी समजूत घातली.

पुढच्याच आठवड्यात, दिवाळी तोंडावर आलेली, शैला चकलीची भाजणी भाजत होती. गुरुवार होता, सकाळी अकराची वेळ. केतकी कामाच्या दिवशी कधी येत नाही, ती आली. बूट न काढता थेट स्वयंपाकघरात येऊन उभी राहिली. शैला बुटांबद्दल काही बोलणार तेवढ्यात तिनं विचारलं, "आई, तुम्हाला क्रेगमध्ये काही चेंज वाटतोय का? एनीथिंग?"

"छे ग," शैला कालथा हलवत म्हणाली. "उलट तब्येत सुधारलीय त्याची. गेल्या शनिवारी दोनदा जेवला."

"दोनदा म्हणजे?"

शैलानं कौतुकानं सांगितलं. एक वाजता आमच्याबरोबर मसालेभात जेवला. मग डेकवर पडला. अडीच वाजता आत आला आणि म्हणाला, आई, काय मस्त वास येतोय, आज काय केलंयस? तिनं पुन्हा पान मांडलं. त्यानं पहिल्याइतकंच खाल्लं, तितकंच वाखाणलं.

"तू त्याला सांगितलं नाहीस, की तो जेवलाय?"

"जावयाला असं कुणी सांगतं का, केतकी?"

केतकी खाली बसली. फरशीवरच, ओट्याला पाठ टेकून, बूट घातलेलीच. भाजणीचा वास आधी खमंग आला, मग करपट, पण गॅस बंद करायचं कुणालाच सुचलं नाही. तिनं खिशातून पांढऱ्या चिकटपट्टीचे तुकडे काढले, खेळाडू घोट्याला गुंडाळतात त्या पट्टीचे. त्याच्या बॅगेत तिला ते सापडले होते. एकावर टीममधल्या मुलींची नावं होती आणि नावापुढं खूण, कुणाची वेणी, कुणाचा चष्मा. एकावर तिचा फोन नंबर. एकावर आमच्या घराचा पत्ता, आणि खाली बारीक अक्षरात आई, बाबा. हे तुकडे तो मोज्याच्या आत चिकटवायचा.

मी भिंतीपाशी उभा होतो. तेहतीस अनारसे, गुडघा, मोज्याची गोष्ट, लाल मेपल, सगळं एकामागोमाग एक माझ्यासमोर येऊन उभं राहिलं. त्या पार्किंगमध्ये तो झाडं बघत नव्हता. तो रस्ता हरवून बसला होता, आणि शेजारी मी रंगांचं कौतुक करत होतो.

मी आयुष्यभर काय काम केलं ते सांगायला हवं. इथल्या रिसर्च पार्कमधल्या एका औषध कंपनीत तीस वर्षं मी एकच गोष्ट केली. औषधाच्या चाचणीत भाग घेणाऱ्या लोकांना काय काय त्रास झाला, त्याच्या नोंदी तपासल्या. डोकं दुखलं, चक्कर आली, किल्ल्या सापडल्या नाहीत, सगळं लिहायचं. नव्या लोकांना मी पहिल्याच दिवशी सांगायचो की तुम्ही कारण शोधू नका. झोप झाली नसेल, वय झालं असेल, असं म्हणून एकही नोंद गाळू नका. फक्त लिहा. तीस वर्षं दुसऱ्यांच्या नोंदीत मी एक किल्ली हरवू दिली नाही, आणि माझ्या घरात, माझ्या शेजारच्या सीटवर एक माणूस हरवत होता, त्याला मी प्रेम, जिज्ञासा, भूक अशी गोंडस नावं देत बसलो. मला स्वतःची इतकी शरम त्याआधी कधी वाटली नव्हती.

डॉक्टर बाई सावध होत्या. तपासण्या झाल्या, बाकीची कारणं एकेक करून बाजूला काढली गेली. त्यांनी क्रेगला विचारलं, डोक्यानं चेंडू किती वेळा मारला असेल? तो हसला. मंगळवारी आणि गुरुवारी सराव, शनिवारी मॅच, चौदा वर्षं, तुम्हीच अंदाज करा, म्हणाला. बाई हसल्या नाहीत. शंभर टक्के हेच कारण असं आज कुणी सांगू शकणार नाही, असं त्या म्हणाल्या. विसरण्याचा आजार मात्र आहे, तो हळूहळू पुढं सरकणार आहे, आणि अलीकडचं आधी जाईल, जुनं बराच काळ राहील. क्रेगचं वय तेव्हा एक्केचाळीस होतं. माझं अडुसष्ट. त्या खोलीत खुर्च्यांची काहीतरी अदलाबदल झालीय, असंच मला वाटत राहिलं.

सीझनच्या शेवटच्या शनिवारी, मॅच संपल्यावर, आम्ही दोघं मैदानाच्या कडेला बसलो होतो. काही पालक गोलच्या जाळ्या सोडवत होते. क्रेग माझ्याशी इंग्रजीतच बोलतो, मी इथं मराठीत लिहितोय. त्यानं विचारलं, "तुमच्या लक्षात आलं होतं ना, बाबा?"

थोडंथोडं, मी म्हणालो. मग बोलला का नाहीत, असं त्यानं विचारलं, आणि मी त्याला आमची रीत सांगितली. दहावा ग्रह, सासऱ्यांचं मान डोलवणं, सगळं. तो पोट धरून हसला. हसणं संपल्यावर बोटांनी गवत उपटायला लागला.

मग तो म्हणाला की मधल्याला सगळ्यात मोठी भीती पाठीमागची असते. चेंडू घ्यायला तो आपल्या गोलकडं तोंड करून उभा असतो, मागून अंगावर कोण येतंय ते त्याला दिसत नाही. बाकीच्यांना दिसतं. त्यांनी ओरडायचं असतं, मॅन ऑन, म्हणजे माणूस आलाय, सांभाळ. ते दोन शब्द ऐकू आले की मधला वाचतो. "आणि दिसत असून जो ओरडला नाही," तो म्हणाला, "त्याच्याशी आम्ही आठवडाभर बोलत नसू. तुम्ही ओरडत जा, बाबा. मला बरं वाटावं म्हणून काहीही सांगू नका. खरं असेल तेच सांगा."

मी शब्द दिला. देणं सोपं होतं. पहिल्यांदा पाळायची वेळ डिसेंबरमध्ये आली, चहाच्या वेळी. गुडघा कसा आहे, त्यानं विचारलं. मी सांगितलं. चहा संपायच्या आत त्यानं पुन्हा विचारलं. शैला माझ्याकडं बघत होती, आणि तिच्या नजरेत स्पष्ट होतं की नका. मी म्हणालो, विचारलंस, क्रेग, आत्ताच. शैला उठून आत गेली. क्रेगचे कान लाल झाले. मग तो थँक्स, बाबा म्हणाला आणि राहिलेला चहा प्यायला.

शैलाला ते आजही जमत नाही. तिनं स्वतःचा मार्ग काढलाय. तो जेवला की त्याचं ताट ती तासभर उचलत नाही. जिनं आयुष्यात खरकटं ताट पाच मिनिटं टेबलावर राहू दिलं नाही, ती आता त्याची कढीनं माखलेली थाळी, चावलेल्या शेवग्याच्या शेंगा, सगळं तसंच राहू देते. तो आत येतो, ताट बघतो, जेवलोय वाटतं मी, असं स्वतःशीच म्हणतो आणि परत बाहेर जातो. शैला तेव्हा सिंककडं तोंड करून उभी असते.

दोन वर्षं झाली. टीम आता दुसरी एक बाई शिकवते आणि क्रेग तिच्या मदतीला असतो. सरावाचे शंकू मांडतो, चेंडू गोळा करतो, पडलेल्या मुलीजवळ जाऊन गुडघ्यावर बसतो. ते त्याला अजून पहिल्याइतकंच येतं. काही दिवस चांगले जातात, काही वाईट, आणि वाईट दिवसांची सवय होत नाही. दर वेळी मला तोच धक्का बसतो, भाजणीच्या वासासकट.

काल मैदानावरून निघाल्यावर आम्ही सिग्नलला थांबलो. तिथं उजव्या हाताला गावचं मोठं फुटबॉल स्टेडियम आहे. क्रेग काचेतून त्याच्याकडं बघत होता.

"मी इथं खेळलो ना, बाबा?"

"हो. तीन सीझन."

"इंग्लंडचं सगळं आहे माझ्याकडं," तो म्हणाला. "गोदामातला गालिच्यांचा वाससुद्धा आहे. इथलं काहीच सापडत नाही. केतकीला विचारलं तर म्हणते, तू बेस्ट होतास. ती बायको आहे, ती असंच म्हणणार. तुम्ही सांगा. कसा खेळायचो मी इथं?"

स्टेडियम आमच्या घरापासून पंधरा मिनिटांवर आहे. लग्न ठरल्यापासून केतकी तिथं होणाऱ्या प्रत्येक मॅचची तिकिटं आणून फ्रिजवर लावायची. मी कधी पाठ दुखते म्हणालो, कधी पाहुणे येणार म्हणालो, कधी मला क्रिकेटखेरीज काही कळत नाही असं ऐटीत सांगितलं. खरं कारण वेगळं होतं. मंडळातल्या लोकांचा समज मी गुळमुळीत हसून वाढू दिला होता. अर्ध्या रिकाम्या स्टँडमध्ये त्यांच्यापैकी कुणी भेटलं तर? आणि जावई राखीव खेळाडूंच्या बाकावर बसलेला दिसला तर? मला लाज वाटत होती. ज्या माणसानं एका मोज्यावर पळून गोल केला, त्याची मला लाज वाटत होती.

छान खेळायचास, एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. त्याला कधी कळलं नसतं. तो माझ्या तोंडाकडं बघत होता, विश्वासानं, कारण मी खरं सांगतो हे त्याच्या अजून लक्षात होतं.

"मला माहीत नाही, क्रेग," मी म्हणालो. "मी एकदाही आलो नाही."

तो रागावला नाही. त्यानं स्टेडियमच्या उंच दिव्यांकडं पाहिलं. मग चेंडू चुकलेल्या मुलींशी बोलतो त्याच हळू आवाजात म्हणाला, "आला असतात तर बरं झालं असतं, बाबा. आपल्या दोघांपैकी एकाला तरी आठवलं असतं."